चाळीस टक्के

पंचवीसचा पाईप म्हणतात, पण तो बाहेरून पंचवीस.
आत व्हर्नियर घातला तर एकवीस भरतो.
तारेचंही तेच:
अडीच स्क्वेअर म्हणजे नुसतं आतलं तांबं,
वरचा लाल, पिवळा, निळा अंगरखा धरला
की तीच तार बारा होते.

हे मला आयटीआयत कळलं नव्हतं.
कळलं अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत,
टॉवेलच्या कारखान्यात, पत्र्याखाली,
एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात,
दस्तगीर नदाफ उस्तादांच्या शिडीचा पाय धरून.

सहा माग, थ्री फेज. सहा त्रिक अठरा तारा.
अर्थिंग पाइपाबाहेरून.
गुंडेटी शेठ स्टुलावर बसून कलिंगड खात होते.
"एकाच पाइपात घाल की गं सगळ्या.
बसतात. मी बघितलंय."

बसतात.
साबणाचं पाणी लावून एकाने ढकललं, एकाने ओढलं
तर अठराच काय, बावीसही बसतात.
बसणं हा प्रश्नच नव्हता.

उस्तादांनी कानामागची पेन्सिल मला दिली.
भिंतीवर मांडलं:
एकवीसचा वर्ग, गुणिले पाय, भागिले चार,
तीनशे सेहेचाळीस.
त्याचे चाळीस टक्के, एकशे अडतीस.
भागिले बारा.
अकरा, आणि थोडं उरतं.
त्या उरलेल्यात बारावी तार घालायची नसते.
"आता कोपरे मोज."
दोन होते. एक तुळईपाशी, एक पॅनेलच्या वर.
त्यांनी अकरावर काट मारून नऊ लिहिलं.
हे कुठल्या तक्त्यात आहे, मी विचारलं.
"कोपऱ्यात अडकलेली तार
तू अजून ओढली नाहीस," ते म्हणाले.

"म्हणजे निम्म्याहून जास्त पाईप रिकामा?
हवेचे पैसे देऊ का मी?"

मला आई आठवली. घरकुलातला ओटा, मांडीवर सूप.
विडी वळायला शिकताना मी तंबाखू ठासायची,
हात आखडला असं कुणी म्हणू नये म्हणून.
तपासणाऱ्याने माझी अख्खी जुडी बाजूला फेकली.
ओढलीच जात नाही, म्हणाला.
परतीच्या वाटेवर आई एकच शब्द बोलली होती, आमच्या तेलुगूत:
गालि.
हवा.

तीच भाषा शेठच्याही घरात.
म्हणून म्हणाले, गालि कावालि, शेठ.
ते हसले. पटलं नाही.

मग उस्तादांनी पिशवीच्या तळातून
वीतभर पाईप काढला, उभा चिरलेला.
कुठल्याशा जुन्या शेडमधला.
आत चौदा तारा होत्या म्हणे.
मी मोजायला गेले, मोजता येईनात.
लाल कुठे संपतो, निळा कुठे लागतो,
सगळं एकच गुळाच्या ढेपेसारखं, काळं.
"ठिणगी फार नंतर पडली," उस्ताद म्हणाले.
"त्याआधी सहा वर्षं एकमेकींना नुसती ऊब देत होत्या.
आणि वर आपलं सोलापूर."

शेठनी बिया थुंकल्या.
दुसरा पाईप आणायला पोरगं पाठवलं.
मजुरी मात्र एकाच पाइपाची.

नऊ तारा आत गेल्या तेव्हा
सुपात पान सारावं तसा आवाज आला.
कुणी ओरडलं नाही, साबण लागला नाही.
अंधार पडता पडता पहिला माग धडधडला,
मी पाइपावर हात ठेवून बघितला. पत्र्याइतकाच गरम.

पॅनेलच्या दाराला आतून मार्करने लिहिलं:
पाईप एक, नऊ. पाईप दोन, नऊ.
कधीतरी सातवा माग येईल.
शेठ स्टुलावर बसून म्हणतील, बसतात की.
तेव्हा हे दार कोण उघडेल कुणास ठाऊक.
त्याच्यासाठी खाली अजून एक ओळ टाकली:
रिकामी दिसते ती जागा भरलेली आहे.